दुतोंड्या मारुती, द्राक्षाचा ब्लोअर आणि उद्याचं रीडिंग

"साय-फाय फिल्म्स करतेस, मग पैसे कोण देतं?" हा प्रश्न हटकून येतो, आणि खरं उत्तर ऐकून समोरच्याचा विरस होतो. पैसे देतो बॉल व्हॉल्व्ह. नाशिकच्या अंबड-सातपूर भागातल्या कारखान्यांना प्रदर्शनात लावायला, परदेशी गिऱ्हाइकाला पाठवायला थ्रीडी ॲनिमेशन लागतं. व्हॉल्व्ह मधोमध कापलेला दिसला पाहिजे, आतला गोळा पाव फेरा फिरला की पाणी थांबलं पाहिजे, आणि कंपनीचा निळा रंग म्हणजे अगदी तोच निळा हवा. गिअरबॉक्स सुटासुटा होऊन हवेत तरंगतो, परत जुळतो, खाली लोगो येतो. त्या लोगोच्या जिवावर माझं भाडं भागतं, हाताखालच्या दोन पोरांचे पगार होतात आणि उरलंसुरलं साय-फायला जातं.

हे रडगाणं नाही. पाण्याचं सिम्युलेशन मी व्हॉल्व्हमध्येच शिकले, आणि तेही दुसऱ्याच्या खर्चाने. शिवाय माझं मुख्य हत्यार फुकट आहे. ब्लेंडर हे थ्रीडीचं सॉफ्टवेअर २००२ मध्ये बंद पडायच्या बेतात होतं, तेव्हा जगभरच्या लोकांनी वर्गणी काढून एक लाख युरो जमवले आणि ते कायमचं सगळ्यांसाठी खुलं केलं. गणेशोत्सव मंडळाच्या वर्गणीवर वाढलेल्या माणसाला हा इतिहास चटकन पटतो. एडिटिंगला आणि रंगांना दाविंची रिझॉल्व्हची फुकट आवृत्ती. मोठा खर्च होतो तो जेवणावर, टेम्पोवर आणि हार्ड डिस्कवर.

नाशिकला फाळक्यांचं गाव म्हणतात. दादासाहेब त्र्यंबकेश्वरला जन्मले, १९४४ मध्ये नाशकातच गेले, पांडवलेण्यांच्या पायथ्याशी त्यांचं स्मारक आहे. भाषणांत त्यांचं नाव निघालं की पौराणिक चित्रपटांचे जनक वगैरे येतं. मला मात्र ते आधी ट्रिकवाले वाटतात. पहिला कथापट करायच्या आधी त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, कॅमेरा एका जागी ठेवून त्याची वाढ रोज थोडीथोडी टिपली आणि पडद्यावर वाटाण्याचा वेल डोळ्यांदेखत वर चढवला. ती चिमुकली फिल्म दाखवून त्यांनी भांडवल उभं केलं. आजच्या भाषेत त्याला प्रूफ ऑफ कन्सेप्ट म्हणतील. पुढे नाशकात कंपनी काढून १९१९ मध्ये 'कालिया मर्दन' केला. त्यात त्यांची मुलगी मंदाकिनी कृष्ण झाली होती आणि पाण्यात नागाशी झुंजत होती. म्हणजे या गावात पाणी, लहान मूल आणि ट्रिक हे तिन्ही त्रास एकदम अंगावर घेणारा माणूस शंभर वर्षांपूर्वी होऊन गेला. सरस्वतीबाई फाळके तर फिल्मला भोकं पाडण्यापासून अख्ख्या युनिटच्या स्वयंपाकापर्यंत सगळं बघायच्या. आमच्याकडे स्वयंपाक आई बघते. भोकं पाडायची वेळ अजून आलेली नाही.

आमची फिल्म आहे साधारण अर्ध्या तासाची. तिची गोष्ट गंगेवरून, म्हणजे आमच्या गोदावरीवरून आली.

नाशिककर पूर मोजतो तो दुतोंड्या मारुतीवर. रामकुंडाजवळची ती उंच मूर्ती. पाणी मारुतीच्या गुडघ्याला लागलं, कमरेला आलं, छातीला आलं, गळ्यापर्यंत चढलं, अशी बातमी गावभर फिरते. त्याच्या पुढचं माप सरकारवाड्याच्या पायऱ्या आणि त्याही पुढचं नारोशंकर मंदिराची घंटा. १९६९ चा महापूर पाहिलेली माणसं घंटेचं नाव काढताना आवाज बदलतात. २००८ आणि २०१६ चे पूर माझ्या पिढीने पाहिले. गंगापूर धरणातून विसर्ग किती क्युसेक सोडला हा आकडा व्हॉट्सॲपवर येतो. एक क्युसेक म्हणजे सेकंदाला सुमारे २८ लिटर, हे शंभरातल्या दहांनाही ठाऊक नसेल. पण मारुतीची कंबर सगळ्यांना समजते.

पाटबंधारे खात्यातून निवृत्त झालेले एक गेज रीडर आमच्या ओळखीत होते. त्यांना आम्ही नाना म्हणायचो. नोकरीभर त्यांनी नदीची पातळी वाचायची, रजिस्टरला लिहायची आणि वायरलेसवरून कळवायची एवढंच केलं. त्यांच्याशी बोलताना कल्पना सुचली: बंद पडलेल्या गेज स्टेशनचा वायरलेस सेट एका निवृत्त माणसाच्या घरी पडून आहे आणि त्यावर रोज सकाळी रीडिंग येतं. पण ते दुसऱ्या दिवशीचं असतं. उन्हाळ्यात त्याने कुणाला काही फरक पडत नाही. पाऊस सुरू झाला की पडतो.

नानांना मी हे सांगितलं तेव्हा त्यांना उद्याचं रीडिंग आज कसं येतं याचं अजिबात नवल वाटलं नाही. त्यांचा आक्षेप भलताच होता. "आणि त्याने ते रजिस्टरला कुठल्या तारखेला लिहायचं?"

मी म्हटलं, "नाना, तीच तर गंमत आहे. त्याने लोकांना आधी सांगितलं, लोक हलले, धरणाचे दरवाजे वेगळ्या वेळी उघडले, तर रीडिंग बदलेल ना?"

"रीडिंग बदलत नसतं. लिहिलं की लिहिलं. खाडाखोड केली तर मेमो मिळतो. चुकलंच, तर आडवी रेघ मारायची, खालचं वाचता आलं पाहिजे, आणि बाजूला सही करायची."

कालप्रवासाचे नियम ठरवायला मी कागदच्या कागद काळे केले होते. ते सगळे फेकले आणि नानांचा नियम घेतला. फिल्मचा शेवट त्या आडव्या रेघेवर आणि सहीवर आहे. एवढंच नाही, सराफ बाजारात पाणी नदीतून सरळ चढत नाही, आधी सरस्वती नाला फुगतो आणि तिथून ते शिरतं, हेही पटकथेत त्यांच्यामुळे आलं. प्रेक्षकाचं असंच असतं. उद्याचा आकडा आज येतो ही अशक्य गोष्ट तो पहिल्या मिनिटाला मान्य करून टाकतो, त्याबद्दल तक्रार नाही. पण पाणी कमरेला असताना अमुक पायरी कोरडी दिसली की तो खुर्चीत चुळबुळतो. साय-फायमध्ये घाम गाळायचा तो शक्य गोष्टींवर.

मराठीत हे नवीन नाही. जयंत नारळीकरांच्या कथांत अशक्य गोष्ट बहुधा एकच असते, बाकी सगळं नेहमीचं जग. १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला त्यांनी पहिली कथा 'नारायण विनायक जगताप' या नावाने पाठवली, आपल्या नावाचं वजन पडू नये म्हणून. २०२१ च्या नाशिकच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष तेच होते, तेव्हा मला वाटलं होतं की आता गावात विज्ञानकथेला जरा बरे दिवस येतील. आले नाहीत. लोक अजूनही "म्हणजे एलियन का?" असंच विचारतात.

बाहेरची उदाहरणं मी पोरांना सांगते ती जरा जपून. शेन कॅरुथ हा इंजिनिअर माणूस. त्याने सुमारे ७,००० डॉलरमध्ये 'प्रायमर' केला, स्वतः लिहिला, स्वतः काम केलं, संकलन आणि संगीतही स्वतःच, आणि २००४ मध्ये सनडान्स महोत्सवाचा मोठा पुरस्कार घेतला. हे सगळे सांगतात. त्याची पुढची फिल्म थेट २०१३ मध्ये आली, हे कुणी सांगत नाही. गॅरेथ एडवर्ड्सने 'मॉन्स्टर्स'चे व्हीएफएक्स, म्हणजे काँप्युटरवरच्या ट्रिका, घरी बसून स्वतः केले आणि चार वर्षांत त्याच्या हातात 'गॉडझिला' आला. दोघेही स्वतंत्र साय-फायवाले. एकाची शिडी लागली, दुसऱ्याची नाही. आपल्याकडे आरती कडव यांनी आधी शॉर्ट फिल्म्स केल्या आणि मग २०१९ मध्ये 'कार्गो' हा अंतराळयानातला चित्रपट हिंदीत पूर्ण केला. सात हजार डॉलर या आकड्याला तर मी मुळीच भुलत नाही. त्यात स्वतःच्या मेहनतीचा पगार धरलेला नसतो. आमचा खर्च साडेतीन लाख झाला असं मी सांगते, तेव्हा त्यातही माझा पगार नाही.

कलाकार मिळायला नाशकात अडचण येत नाही. राज्य नाट्य स्पर्धेत उतरणाऱ्या हौशी संस्था इथे आहेत, कालिदास किंवा साईखेडकर नाट्यगृहाच्या मागच्या दाराशी उभं राहिलं तरी अख्खी फिल्म कास्ट होईल. अडचण आवाजाची. शेवटच्या रांगेपर्यंत पोचणारा आवाज कॅमेऱ्यासमोर फार होतो. आमचा नायक साठीचा, उत्तम नट. पण वायरलेसवर रीडिंग घेतानाही तो सम्राट अशोक असल्यासारखा घेई. शेवटी त्याच्या हातात खरंच पेन आणि रजिस्टर दिलं आणि आकडे मी पडद्याआडून भराभर वाचायला लागले. लिहिता लिहिता अभिनय करायला त्याला फुरसतच मिळेना. तोच टेक घेतला.

"उद्याचं रीडिंग आलंय, साहेब."

"उद्याचं म्हणजे?"

"म्हणजे उद्याचं."

एवढाच संवाद. थिएटरात इथे हशा येतो आणि मग हळूहळू विरतो.

आता पाणी.

खऱ्या पुरात नटाला उतरवणं शक्य नव्हतं आणि योग्यही नव्हतं. म्हणून शॉट तीन थरांत करायचा ठरला. मागे खरा गोदाघाट, मध्ये मारुती आणि पाणी यांचं लहान मॉडेल, पुढे नट. खरा घाट टिपायला पावसाळ्यात होळकर पुलाच्या बाजूला ट्रायपॉड लावला. महापालिकेची आणि पोलिसांची परवानगी रीतसर काढली होती. पूर बघायला जमलेल्या गर्दीत कागद हातात असलेला बरा. घाटावर सिंहस्थाची कामं सुरू व्हायच्या आधीचं ते चित्रण असल्याने मला हवा तसा मोकळा घाट मिळाला. ड्रोन वापरायचा मोह होता, पण ड्रोन कुठे उडवता येतो हे दाखवणाऱ्या सरकारी डिजिटल स्कायच्या नकाशावर नाशिक उघडून बघा. देवळालीला तोफखाना, नाशिकरोडला नोटांचा छापखाना, ओझरला एचएएल आणि विमानतळ. मी नकाशा मिटला आणि ड्रोनचे पैसे जेवणाकडे वळवले.

त्या दिवशी महत्त्वाचं काम कॅमेऱ्याने केलं नाही, वहीने केलं. लेन्स किती मिलिमीटरची, कॅमेरा पाण्यापासून किती उंच, किती अंशात खाली झुकलेला, घड्याळात किती वाजले, ऊन कुठल्या बाजूचं. ही वही नसती तर मॉडेल आणि घाट कधीच जुळले नसते.

मॉडेलचं गणित सोपं आहे, पण ते टाळता येत नाही. मूर्ती लहान करता येते, पाणी लहान करता येत नाही. थेंब थेंबाएवढाच राहतो आणि वरून खाली पडायला त्याला कमी वेळ लागतो, त्यामुळे लहान मॉडेलवरचा पूर बादली उपडी केल्यासारखा दिसतो. उपाय असा: मॉडेल जितक्या पट लहान, त्याच्या वर्गमुळाइतकं जलद चित्रण करायचं. आम्ही मारुती एक नवमांश केला. नवाचं वर्गमूळ तीन. म्हणून सेकंदाला २४ ऐवजी ७२ फ्रेम टिपायच्या आणि त्या २४ च्या वेगाने दाखवायच्या. पाणी जड दिसायला लागतं. कॅमेऱ्याची उंचीही नवाने भागायची. खऱ्या घाटावर नऊ मीटर असेल तर इथे एक मीटर. मॉडेल लहान आहे हे उघडं पाडणारी आणखी एक गोष्ट म्हणजे धूसर पार्श्वभूमी, त्यामुळे लेन्सचं छिद्र बारीक, एफ ११ च्या पुढे ठेवावं लागतं. त्याला भरपूर उजेड लागतो. दिवे लावून भागत नाही, कारण आपली वीज ५० हर्ट्‌झची आणि साधे दिवे सेकंदाला १०० वेळा लुकलुकतात. ७२ फ्रेमला ते लुकलुकणं सरळ फिल्मवर येतं. थोडक्यात, काम उन्हातच करायचं.

मूर्ती करायला गणपतीच्या कारखान्यात गेले. उन्हाळ्याचे दिवस, म्हणजे त्यांचा सीझन भरात.

"गणपतीच्या दिवसांत मारुती कुठे, ताई?"

"दोन तोंडांचा हवाय. आणि प्लास्टरचा नको, पाण्यात ठेवायचाय."

"पाण्यात? म्हणजे विसर्जनच की."

"विसर्जन नाही. पाणी चढवायचंय, परत उतरवायचंय."

त्यांनी फायबरचा करून दिला. मोबाइलवरचे पुराचे फोटो बघून शेंदराच्या रंगावर पाण्याच्या ओळींचे फिकट पट्टेही मारून दिले, जे मी सांगितले नव्हते. पैसे कामापुरतेच घेतले. पण निघताना बजावलं, "काम झालं की कोपऱ्यात फेकू नका हं." तो मारुती आता माझ्या स्टुडिओच्या दारात आहे. आई रोज उदबत्ती लावते.

चित्रण पिंपळगाव बसवंतजवळ, बहिणीच्या सासरी केलं. शेततळ्याच्या कडेला विटांचा उथळ हौद रचला, त्यात तळ्याचाच उरलेला जाड प्लास्टिकचा कागद अंथरला, एका बाजूने मोटरचं पाणी सोडायचं आणि दुसऱ्या बाजूने ओसंडू द्यायचं. गढूळपणाला गेरू. पुराचं पाणी कसं दिसतं यावर दाजींनी आणि त्यांच्या शेजाऱ्यांनी हिरिरीने मतं दिली, शेवटी थोडी काळी मातीही गेली. थेंब आणखी बारीक व्हावेत म्हणून भांडी घासायच्या लिक्विडचे थोडे थेंब टाकायचे, त्याने पाण्याचा पृष्ठताण कमी होतो. जास्त झालं की फेस येतो आणि गोदावरीची वॉशिंग मशीन होते.

पाऊस जमत नव्हता. पाइपला झारी लावली, नळीला भोकं पाडली, काही केलं तरी मारुतीच्या डोक्याएवढाले थेंब. पाइप धरून दमलेला एक पोरगा म्हणाला, "दादा, ब्लोअर आणा की." द्राक्षबागेत औषध मारायचा, ट्रॅक्टरच्या मागे चालणारा ब्लोअर. त्याच्या नोझलमधून पाणी धुक्यासारखं बारीक फुटतं आणि मागचा पंखा ते लांबवर फेकतो. हंगाम उरकून बागांची खरड छाटणी झालेली, ब्लोअर जरा मोकळा होता. आधी टाकी खंगाळून खंगाळून धुतली, कारण त्यात वर्षभर बुरशीनाशकं फिरलेली असतात. तरीही सगळ्यांना गॉगल आणि मास्क घालायला लावले. मग दाजींनी ट्रॅक्टर चालू केला, पीटीओ टाकला, म्हणजे इंजिनाचा जोर ब्लोअरला दिला, आणि एक नवमांश मारुतीवर एक नवमांश पाऊस पडायला लागला. वाऱ्याने तो तिरपा होत होता आणि पाण्यावर त्याच्या बारीक शहाऱ्यासारख्या लाटा धावत होत्या. मॉनिटरवर ते बघताना पोरं चप्पल काढून उभी होती. का, ते मी विचारलं नाही. सकाळी नारळ फोडला होता, बहुतेक म्हणून.

काँप्युटरवर पाणी बनवता आलं असतं की, असं लोक म्हणतात. आलं असतं. आम्ही काही शॉट तसे केलेही आहेत, दुकानाच्या शटरखालून शिरणारं पाणी पूर्ण ब्लेंडरमधलं आहे. पण वाहत्या नदीचा एक लांब शॉट माझ्या मशीनवर रेंडर व्हायला, म्हणजे एकेक फ्रेम तयार होऊन बाहेर पडायला, जो वेळ घेतो, तेवढ्यात हौद बांधून, चित्रण करून, जेवून मोकळं होता येतं. शिवाय वीज. देखभाल-दुरुस्तीसाठी ती जाते तेव्हा विचारून जात नाही. म्हणून नव्या पोरांना पहिला धडा हाच की रेंडर कधीही थेट व्हिडिओ फाइलमध्ये काढायचा नाही, एकेका फ्रेमचं वेगळं चित्र काढायचं. वीज गेली तर मशीन परत जिथे थांबलं तिथून पुढे जातं. व्हॉल्व्हवाल्यांच्या डेडलाइनने हा धडा कधीच पक्का केलेला होता.

आवाज जवळजवळ सगळा नंतर भरला. ओझरला सुखोई उडतात, त्यामुळे पिंपळगावकडे दोन वाक्यं सलग मिळणं मुश्किल. घाटावर वेगळंच. तिथे लाउडस्पीकरवर कायम काहीतरी गाणं चालू असतं आणि ते आपल्या फिल्ममध्ये आलं की त्याच्या हक्कांचा प्रश्न येतो. मग घाटाचं मूळ ध्वनिमुद्रण बाजूला ठेवलं आणि घंटा, पाणी, कबुतरं, भांड्यांचा आवाज असं एकेक वेगळं रेकॉर्ड करून लावलं. वायरलेसची खरखर नानांच्या घरच्या जुन्या रेडिओची आहे. दोन स्टेशनांच्या मधली जागा.

सेन्सॉरबद्दल फार सांगण्यासारखं नाही. महोत्सवांना ते लागेलच असं नाही, त्यांना मंत्रालयाकडून सूट मिळते. पण नाशकात तिकीट लावून थिएटरात दाखवायची होती, म्हणून केलं. अर्ज सेन्सॉर बोर्डाच्या ई-सिनेप्रमाण पोर्टलवर, सगळं ऑनलाइन, कार्यालय मुंबईचं. २०२३ मध्ये कायदा बदलल्यापासून यूएमध्ये वयाचे तीन गट झालेत, ७+, १३+ आणि १६+. आम्हाला यूए ७+ मिळालं. नवख्या माणसाने एवढं लक्षात ठेवावं की प्राणी दाखवायचा असेल तर पशु कल्याण मंडळाची परवानगी लागते आणि ती चित्रणाच्या आधी मागायची असते. पटकथेत फरशी पुलावरून जाणारी बैलगाडी होती. मी ती वेळीच काढली आणि बैलांच्या जागी ॲपे रिक्षा घातली. खरं सांगायचं तर रिक्षाच जास्त शोभली.

महोत्सवांचं मात्र सांगते, कारण करिअरची चर्चा शेवटी तिथे येऊन पोचते. प्रवेश फी डॉलरमध्ये. फिल्म ४० मिनिटांच्या आत असणं चांगलं, ऑस्करच्या नियमातही शॉर्ट फिल्मची मर्यादा तीच आहे, आणि बरेच महोत्सव त्याहून लहान मागतात. अर्ध्या तासाची फिल्म आयोजकाला अडचणीची असते, तिच्या जागी तीन छोट्या बसतात. एका मोठ्या नावाच्या महोत्सवाने निवड झाल्याचं कळवलं आणि मग कार्यक्रमपत्रिकेत आमचं नावच नव्हतं. मेलला उत्तरही नाही. जिथे लागली तिथे प्रेक्षकांनी मारुतीबद्दल काही विचारलं नाही, त्यांना तो एक पुतळा वाटला. प्रश्न आले ते रजिस्टरबद्दल. कारकुनी सगळीकडे सारखीच असावी.

नाशिकच्या खेळाला डीसीपी करून घेतली, म्हणजे थिएटरच्या प्रोजेक्टरला चालणारी डिजिटल प्रत. घरच्या मॉनिटरवर तपकिरी दिसणारं पाणी मोठ्या पडद्यावर आणखी खोल दिसतं, म्हणून आदल्या रात्री एक रीळभर चाचणी करून घ्यावी. आम्ही घेतली. खेळ भरला तो मुख्यतः नातेवाईक, व्हॉल्व्हवाले आणि नाट्य स्पर्धेतली मंडळी यांनी. पिंपळगावहून एक जीप आली होती, ब्लोअर बघायला. पाणी मारुतीच्या गळ्याशी आलं तेव्हा मागच्या रांगेतून एक आजी मोठ्याने म्हणाल्या, "मग तर सरकारवाडा गेलाच असेल." पुढच्या शॉटला सरकारवाड्याच्या पायऱ्या बुडालेल्या होत्या. नाना नव्हते त्या खेळाला. डोळ्यांचं ऑपरेशन झालेलं. त्यांना नंतर घरी लॅपटॉपवर दाखवली. त्यांनी रेघ आणि सही बघितली आणि म्हणाले, "सहीखाली तारीख टाकायची राहिली."

पैशाचं विचाराल तर तिकिटांतून हॉलचं भाडं सुटलं. शॉर्ट फिल्म विकत घेणारं कुणी फारसं नाही, ओटीटीवाल्यांना मालिका हवी असते. पण मुंबईच्या एका जाहिरात कंपनीने मॉडेलचं काम बघून बोलावलं आणि आता वर्षातून काही कामं तिकडची येतात, लहान धरणं, लहान रस्ते, एकदा तर लहान किचन. माझ्याकडचा ब्लोअरवाला पोरगा मुंबईत एका व्हीएफएक्स स्टुडिओत लागला. रात्रपाळीत रोटो करतो, म्हणजे दुसऱ्याच्या फिल्ममधल्या माणसांच्या कडा फ्रेमफ्रेमने कापत बसतो. पगार माझ्यापेक्षा जास्त देतात, मी त्याला थांबवलं नाही. सुट्टीला आला की विचारतो, "ताई, पुढची कधी?"

पुढची लिहून झाली आहे. एक खोली, दोन माणसं, एक बंद न होणारी ट्यूबलाइट. पाणी अजिबात नाही. खोली नाशिकरोडला बघून ठेवली आहे, फक्त घरमालकांना ट्यूबलाइट भिंतीवरून छतावर हलवू द्यायला तयार करायचंय.